पाच मिनिटांचा देव

केंब्रिजमध्ये एक देव भिंतीत राहतो आणि दर मिनिटाला एक मिनिट खातो. त्याला नैवेद्य दाखवावा लागत नाही, तो आपलं आपण घेतो. नाव क्रोनोफेज, म्हणजे काळ खाणारा. पत्ता: कॉर्पस क्रिस्टी कॉलेज, टेलर लायब्ररीची बाहेरची भिंत, बेनेट स्ट्रीटचा कोपरा. लायब्ररी व्हायच्या आधी या इमारतीत बँक होती, त्यामुळे लोकांचं काहीतरी गिळायची सवय वास्तूला पहिल्यापासूनच असावी.

दीड मीटर व्यासाची, चोवीस कॅरट सोन्याचा मुलामा दिलेली गोल तबकडी, आणि तिच्या माथ्यावर हा बसलेला. कोण आहे ते चटकन सांगता येत नाही. टोळ म्हणावा तर अंगावर खवले, सरडा म्हणावा तर पाय किड्याचे, आणि तोंड उघडलं की सरळ ड्रॅगन. (करणाऱ्याला पुढे हौस आली आणि त्याने याचा एक थेट ड्रॅगनच्या रूपातला भाऊही घडवला.) तबकडीच्या कडेला दातेरी चाक आहे. त्यावरून हा पावलं टाकत राहतो, चाक पुढे सरकत राहतं. सेकंद जातात तसा त्याचा जबडा हळूहळू उघडत जातो. पंचावन्न, छप्पन, सत्तावन्न... आणि मिनिट भरता भरता अडकित्त्यासारखा खट्‌कन मिटतो. गेलं मिनिट. मग कधीतरी तो डोळा मिचकावतो. नेहमी नाही, आणि सगळ्यांना दिसेल असंही नाही. ज्याला दिसतं तो शेजारच्याला "बघितलंत का?" म्हणेपर्यंत पुढचं मिनिट जबड्यात शिरलेलं असतं.

मराठी माणसाला खरं तर याचं फार नवल वाटू नये. सिंहाचं तोंड आणि माणसाचं धड आपल्याला चालतं. शिवाय आपल्या जुन्या देवळांच्या उंबऱ्यावर कीर्तिमुख असतंच: डोळे वटारलेले, जबडा वासलेला आणि खाली धड नाही. त्याची गोष्ट अशी की त्याला भयंकर भूक लागली, खायला काही मिळेना, तेव्हा शंकरांनी सांगितलं, स्वतःलाच खा. त्याने पायापासून सुरुवात केली आणि तोंड तेवढं शिल्लक राहिलं. शंकर खूश झाले आणि त्याला दारात बसवलं. केंब्रिजवाल्यांनी आपला दारात बसवला तो २००८ साली. आपल्याहून जरा उशीरच झाला म्हणायचं.

पूजाविधी साधा आहे. भक्त फूटपाथवर उभे राहतात आणि हात जोडण्याऐवजी वर करतात, कारण हातात मोबाइल असतो. घड्याळापुढे काच आहे, आणि काच चकचकीत असल्याने फोटोत देवाच्या पोटाशी फोटो काढणारा स्वतःच उमटतो. असे फोटो जगभर गेलेले आहेत. गावातली माणसं मात्र सायकलवरून जाताना मान वळवत नाहीत. देऊळ ज्यांच्या गल्लीत असतं ते दर्शनाला जात नाहीत, हा नियम तिकडेही आहे.

आम्ही उभे होतो तेव्हा आपल्याकडच्या एका सहल कंपनीची बस रिकामी होऊन चाळीसेक माणसं आली. पुढे झेंडा धरलेला तरुण टूर मॅनेजर. त्याने घोषणा केली, "मंडळी, पाच मिनिटं! फक्त फोटो! पुढे किंग्ज कॉलेज आहे!" मंडळींनी लगेच पिशव्या खाली ठेवल्या. भाकरवडीचं पाकीट निघालं. कॅनव्हासचे बूट आणि वर नऊवारी अशा एका आजींनी नातवाला विचारलं, "ह्याला किल्ली कोण देतं रे?"

त्या फूटपाथवर विचारला गेलेला तो सर्वांत मुद्द्याचा प्रश्न होता. किल्ली विजेची मोटर देते. बाकी चालणं सगळं यांत्रिक, चाकं आणि दाते. तबकडीला काटे नाहीत. तिच्यात बारीक चिरा आहेत, त्यांतून निळे दिवे चमकतात: आतल्या कड्यात तास, मधल्यात मिनिटं, बाहेरच्यात सेकंद. तबकडीवर मध्यापासून कडेपर्यंत लाटा उठलेल्या आहेत आणि त्या विश्वाच्या जन्माच्या महास्फोटाच्या आहेत असं सांगतात. पत्र्याला तो आकारही खरोखरचे स्फोट घडवूनच दिला. याच गावात फ्रेड हॉएल आणि आपले जयंत नारळीकर महास्फोट झालाच नाही म्हणून हिरिरीने भांडत होते. 'बिग बँग' हा शब्दही हॉएल यांनीच रेडिओवर बोलताना काढला. आता त्याच स्फोटाला गावाने सोन्याचा मुलामा देऊन चौकात लावलं आहे. विद्वानांच्या गावात वाद हरण्याचे प्रकार असे महाग असतात.

"खर्च किती आला?" आजींच्या मागे उभ्या असलेल्या काकांनी विचारलं.

"दहा लाख पौंड," मॅनेजर म्हणाला.

काकांनी मनात गुणाकार केला. २००८ च्या भावाने आठ कोटींच्या घरात जातो. "आणि वेळ बरोबर दाखवतं का?"

"नाही काका. पाच मिनिटांतून एकदाच बरोबर दाखवतं."

"म्हणजे?"

"म्हणजे मधे वाटेल तसं चालतं. थांबतं, रेंगाळतं, एकदम पळतं. पाचाच्या पाढ्याला मात्र बरोबर येतं. मुद्दामच केलंय तसं."

"आमच्या हॉलमधलं अजंता चारशे रुपयांचं आहे," काका म्हणाले, "आणि ते दिवसभर बरोबर दाखवतं." त्यांनी भाकरवडी तोंडात टाकली आणि या विषयावरचं त्यांचं बोलणं संपलं.

आता करणाऱ्याविषयी. डॉ. जॉन टेलर हे याच कॉलेजचे जुने विद्यार्थी. त्यांनी पैसा केला तो विजेच्या केटलीवर. पाणी उकळलं की टक्‌ आवाज करून केटली आपोआप बंद होते ना, ती बंद करणारी दोन धातूंची वाकणारी चकती हा त्यांचा प्रांत. महाबळेश्वरपासून मँचेस्टरपर्यंत हॉटेलच्या खोलीत आपण ज्या केटलीत चहा करतो (आणि आपली काही मंडळी मॅगीही), तिच्यात बहुतेक यांच्यासारख्यांचीच करामत असते. म्हणजे ज्या माणसाने सगळ्या जगाला "वेळेवर बंद हो" हे शिकवलं, त्यानेच म्हातारपणी वेळ न पाळणारं घड्याळ केलं. निवृत्तीनंतर माणसाने काय करावं याविषयी आपल्याकडे बरेच सल्ले मिळतात, पण हा कुणी दिलेला ऐकला नाही.

कल्पना मात्र त्यांनी भलत्याच काटेकोर माणसाकडून उचलली. अठराव्या शतकातला जॉन हॅरिसन हा सुतार. समुद्रावर जहाज नेमकं कुठे आहे हे कळायला अचूक घड्याळ लागतं, आणि ते करून दाखवणाऱ्याला ब्रिटिश पार्लमेंटने १७१४ साली वीस हजार पौंडांपर्यंतचं बक्षीस लावलं होतं. हॅरिसनने त्यापायी सगळं आयुष्य घातलं. घड्याळाच्या पोटात चाकाचा एक-एक दाता मोजून सोडणारा जो भाग असतो, तो त्याने असा बनवला की घर्षण जवळजवळ नाहीच आणि तेल घालायला नको. त्याचे दोन पाय टोळासारखे उड्या मारतात म्हणून त्याला टोळाचंच नाव पडलं. टेलर यांनी काय केलं, तर घड्याळाच्या पोटात अंधारात राबणारा हा टोळ बाहेर काढला, प्रचंड मोठा केला, त्याला दात लावले आणि माथ्यावर बसवला. सेकंदासेकंदाचा हिशेब ठेवणाऱ्या सुताराला वाहिलेली आदरांजली पाच मिनिटांतून एकदाच खरं बोलते. हॅरिसनने हे पाहिलं असतं तर पटाशी उगारली असती, असं माझं मत आहे.

पण ते पाच मिनिटांचं ऐकलं आणि हा देव परका वाटेनासा झाला. पाच मिनिटं हे आपलं राष्ट्रीय माप आहे. "पाच मिनिटांत निघालोच" असं म्हणणारा माणूस आंघोळीला निघालेला असतो. "पाच मिनिटांवर आहे" म्हणणारा रिक्षात बसायचा असतो. "पाच मिनिटं बसा, साहेब येतातच" हे ऐकून ज्याने कचेरीतल्या बाकावर सबंध दिवाळी अंक संपवला नाही, त्याने महाराष्ट्र पाहिला नाही. फोनवर "पाच मिनिटांत करते" म्हणणारी बहीण संध्याकाळी करते आणि तिच्या दृष्टीने ती वेळेवरच असते. या सगळ्यांना आपण खोटारडे म्हणतो. केंब्रिजच्या पंडितांनी मात्र दहा लाख पौंड खर्चून मान्य केलं आहे की पाच मिनिटांच्या दोन टोकांना काय ती शिस्त, मधल्या भागात काळ कसाही चालतो. हे आमच्या सौभाग्यवती पंचवीस वर्षं सांगत आहेत, पण त्यांच्यापाशी सोनं एवढं नव्हतं.

उलट आपण काळाबाबत ढिले आहोत, हेही अर्धंच खरं. लग्नपत्रिकेवर मुहूर्त छापतो तो "१२ वाजून ३७ मिनिटांनी". साडेबारा नाही, पाऊण नाही, सदतीस. इतका काटेकोरपणा रेल्वेच्या वेळापत्रकातच दिसतो, आणि पाळलाही साधारण तितकाच जातो. नवरदेव पारावर अडकलेला, मामा मुलीला आणायला गेले ते तिकडेच, आणि आत्याबाईंनी स्वतः रचलेली मंगलाष्टकं पर्समधून निघालेली. गुरुजी एक डोळा घड्याळावर ठेवून शेवटचं कडवं ताणत राहतात. पूर्वी हे काम घटिकापात्राचं होतं. बुडाला बारीक भोक असलेली वाटी पाण्यावर तरंगत सोडायची, ती चोवीस मिनिटांनी भरून बुडाली की घटका झाली. त्या वाटीला हळदकुंकू वाहून तिची पूजा व्हायची, आणि तीही वेळ खात नव्हती, गिळत होती. तेव्हा कालमापनाच्या यंत्राला देव मानायचं आणि त्याने काळ पोटात घ्यायचा, यात केंब्रिजचं वेगळं काय, तर फक्त दात.

यंत्राच्या पूजेचं तर बोलायलाच नको. खंडेनवमी-दसऱ्याला लेथ मशीनला झेंडूचा हार पडतो, रिक्षाला पडतो, पाटीवर सरस्वती काढतात तिथे शेजारी लॅपटॉप ठेवतात. शिलाई मशीन, कात्री, करवत, स्कूटर, कुणी सुटलं नाही. एक भिंतीवरचं घड्याळ तेवढं वगळतात. वर्षभर त्याच्याकडे बघत धावायचं आणि सणाला त्याला एक फूल नाही! मी बऱ्याच घरांत डोकावून पाहिलं. कॅलेंडरलाही कुंकवाचं बोट लागतं, घड्याळाला नाही. आपला त्याच्यावर जुना राग असावा.

राग असायला ऐतिहासिक कारणही आहे. १९०६ साली सरकारने सगळ्या देशाला एक प्रमाणवेळ लावली, तेव्हा मुंबई म्हणाली, आमची वेळ आमच्यापाशी. मुंबईची वेळ नव्या वेळेच्या एकोणचाळीस मिनिटं मागे. सरकारी घड्याळं एक सांगायची, महापालिकेची दुसरं, आणि हे प्रकरण १९५५ पर्यंत चाललं. स्वराज्य आलं तरी ती एकोणचाळीस मिनिटं परत मिळेनात. तेव्हा जुना मुंबईकर पाऊण तास उशिरा आला तर त्याला बोलू नये. तो त्याच्या वेळेवर आलेला असू शकतो.

एवढी पूर्वतयारी असलेल्या समाजाने क्रोनोफेजचं व्रत घ्यायला हरकत नाही. मी मसुदा करून ठेवला आहे. हे व्रत कुणीही करावं, सोवळं लागत नाही. दिवस कोणताही चालतो. वेळ एकोणसाठ सेकंदांची. प्रदक्षिणा घालता येत नाही, कारण देव भिंतीत आहे. पलीकडून जायचं तर लायब्ररीचं ओळखपत्र लागेल. तेल वाहू नये. शनीला तेल लागतं, कारण तो मुळात मंद. इथे हॅरिसनच्या कृपेने तेलावाचून चालतं. उपवास भक्ताने करायचा नाही, देवानेही नाही. प्रसाद मिळत नाही, कारण दिलेलं परत करायची इथे रीत नाही. नवस बोलायचा झाल्यास माफक बोलावा: आमचे हे बाहेर जायच्या वेळेला इस्त्रीचा शर्ट शोधायला न लागोत, सभेत आभारप्रदर्शनाच्या वक्त्याला विजेचं जाणं आडवं येवो. आरतीचा प्रश्न मात्र बिकट आहे. आपल्याकडे एक आरती म्हणून कुणाचं समाधान होत नाही. सुखकर्त्यापासून सुरू करून, मधे ज्याला जी येते ती, आणि शेवटी घालीन लोटांगणपर्यंत देव तीस मिनिटं खाऊन तृप्त झालेला असेल. पण तेच तर हवं. ज्या देवाला मिनिटंच आवडतात, त्याच्यासमोर आपल्याइतका सढळ नैवेद्य कोण दाखवणार?

या देवाची प्राणप्रतिष्ठा १९ सप्टेंबर २००८ रोजी झाली आणि यजमान होते स्टीफन हॉकिंग. काळाच्या इतिहासावर पुस्तक लिहिलेल्या माणसाहून योग्य हात मिळाले नसते. याच हॉकिंगनी पुढच्या वर्षी जूनमध्ये स्वतःच्या कॉलेजात एक मेजवानी ठेवली. शॅम्पेन होती, फुगे होते, आणि निमंत्रणं मेजवानी होऊन गेल्यावर काढली. भविष्यातून काळात मागे येऊ शकणारे प्रवासी असतील तर तेवढेच येतील, असा हिशेब. कुणीही आलं नाही. कालप्रवास शक्य नाही, याचा तो एक पुरावा असं त्यांनी मिस्कीलपणे सांगितलं. मला हा पुरावा कच्चा वाटतो. आपल्याकडेही पत्रिका लग्नानंतर पोस्टाने येते, पण माणसं जेवून गेलेली असतात. हॉकिंगनी पंगतीत जिलेबी आहे एवढं आधी कुठेतरी कुजबुजायला हवं होतं.

एवढं होईपर्यंत एक वाजत आला होता. टूर मॅनेजरची पाच मिनिटं सुरू होऊन पंचवीस मिनिटं झाली होती आणि झेंडा किंग्ज कॉलेजच्या दिशेने एकटाच हलत होता. मंडळी हलेनात, कारण कुणीतरी सांगितलं होतं की तास भरला की आवाज होतो. या देवाला घंटा नाही. तास भरला की मागच्या बाजूला साखळी घसरते आणि लाकडी शवपेटीत पडते. खाली लॅटिनमध्ये बायबलातलं वचनही कोरलं आहे: हे जग आणि त्याचे सगळे हव्यास टिकणारे नाहीत, अशा अर्थाचं. एक वाजला. आतून खडखडाट आला. मॅनेजरने शवपेटीचं सांगितलं मात्र, एक काकू मागे सरकल्या. "अगंबाई, भर दुपारी हे काय अभद्र! आणि म्हणे देव!"

आजींना तसं काही वाटलं नाही. "खरं तेच सांगतोय बापडा," त्या म्हणाल्या आणि नातवाला हात धरून पुढे घेऊन गेल्या.

सांगायचं एवढंच की केंब्रिजला जाणार असाल तर दर्शन चुकवू नका. तिकीट नाही, रांग नाही, चपला काढाव्या लागत नाहीत, आणि अभिषेकाची पावती फाडायला कुणी मागे लागत नाही. काचेवर उन्हाची तिरीप येत नाही असं ढगाळ हवामान पाहून जा, इंग्लंडात ते शोधावं लागत नाही. तास भरायच्या पाच मिनिटं आधी पोचा. खरोखरची पाच, आपली नव्हेत. आणि तिथून लंडनची गाडी पकडायची असेल, तर वेळ मोबाइलवर बघा.